अडसरातला नकाशा

वकीलबाईंनी तीन वेळा विचारलं होतं, हे पुढे कोणालाच नाकारता आलं नाही. पहिल्यांदा कारखान्यात, ऑफिसातल्या डुगडुगत्या टेबलापाशी बसून. दुसऱ्यांदा फोनवर. तिसऱ्यांदा स्वतःच्या ऑफिसात, सहीच्या वेळी, समोर कारखान्याच्या मालकीणबाई, त्यांचा मुलगा आणि सून अशी तिघं ओळीनं बसलेली असताना. आणखी काही आहे का? पत्र, चिठ्ठी, नकाशा, जुनी वही? फाटकं, डागाळलेलं काहीही चालेल, पण जे आहे ते आज द्या, असं त्या पुन्हापुन्हा सांगत होत्या. व्यापाराच्या दाव्यांचं कोर्ट वेगळं असतं म्हणे. तिथं पहिल्याच दिवशी सगळं मांडायचं आणि माझ्याजवळ याखेरीज काही नाही असं शपथेवर लिहून द्यायचं.

बाईंनी तिन्ही वेळा नाही म्हणून मान हलवली. मग सुनेनं ते शपथेचं पान त्यांना मोठ्यानं वाचून दाखवलं, आणि बाईंनी चष्मा लावून, जिभेचं टोक दातात धरून, एकेक अक्षर कोरल्यासारखी सही केली. चार इयत्ता शिकलेल्या बाईला सही करायला वेळ लागतो. पण केलेली सही कुणाच्या बापाला खोडता येत नाही, असं त्या नेहमी म्हणायच्या. ते मात्र खरं झालं.

बाईंचा कारखाना ब्रशचा. पत्र्याची लांबट शेड, तारेला पीळ घालायची सहा यंत्रं आणि त्यांच्यावर चौदा बायका. दोन तारांच्या मध्ये केस पसरायचे, यंत्राची मूठ फिरवायची, तार पिळली की केस गोल उभे राहतात. बाटल्या धुवायचे, नळ्या साफ करायचे असले ब्रश शंभर ठिकाणी होतात. बाईंच्या कारखान्याचं पोट भरत होतं ते एकाच ब्रशवर. दुधाच्या मोठ्या कॅनला गळ्याखाली खांदा असतो, त्या खांद्याच्या आतल्या बाजूला सरळ ब्रश पोचतच नाही. बाईंच्या नवऱ्यानं दोन वर्षं तारा वाकवून वाकवून एक मान बनवली होती. आत घातली की बरोब्बर तिथं वळायची. कारखान्यातल्या बायका त्या ब्रशला बगळा म्हणायच्या. नवरा जाऊन अकरा वर्षं झाली, पण बगळा रोज जन्माला येत होता.

तो बगळा विकायची एक मोठी कंपनी. तिचा म्हातारा मालक शब्दाचा पक्का होता. त्याच्या मागं धाकटा मालक गादीवर बसला आणि त्यानं बगळा दुसरीकडंच बनवून घ्यायला सुरुवात केली. वर बाईंनाच निरोप धाडला की हा आकार आमचा आहे, तुम्ही तो बनवणं थांबवा. निरोप घेऊन आलेल्या माणसाला बाईंनी उभ्या उभ्या असं काही सुनावलं की तो आपली छत्री विसरून गेला. ती छत्री अजून ऑफिसच्या कोपऱ्यात होती. आणि दावा लागला. बगळा कोणाचा, एवढाच प्रश्न. बगळा गेला तर चौदांतल्या दहा बायकांना उद्यापासून येऊ नका म्हणावं लागणार होतं.

आता खरी गोष्ट अशी की कागद होता. नवऱ्याच्या हातचा नकाशा, बगळ्याची मान तीन बाजूंनी काढलेली, एकेका वळणाचं माप लिहिलेलं. त्याखाली म्हाताऱ्या मालकानं स्वतःच्या हातानं लिहिलं होतं की हा आकार कारखान्याचा, आम्ही फक्त विकणार. खाली दोघांच्या सह्या आणि तारीख. सासऱ्यांच्या तोंडून सुनेनं त्याचं नाव ऐकलं होतं. दावा घालायचं ठरलं त्या आठवड्यात भाजी निवडता निवडता तिनं विचारलंही होतं, "आई, बाबांचा तो नकाशा कुठं असेल हो?" बाईंनी मान वर न करता सांगितलं की त्याला वाळवी लागली, कधीच टाकला. सुनेला चुटपुट लागली. तिनं तरीही चार दिवस कपाटं उपसली. फायलींना नवी पुठ्ठ्याची पाकिटं केली, वर सुरेख अक्षरात नावं घातली. बाई दारातून बघत होत्या. एवढी धडपडते आहे तर सांगून टाकावं, असं एकदा त्यांच्या मनात आलं. पण सांगितलं नाही.

नकाशा होता अडसरात. कारखान्याच्या मोठ्या दाराला आतून आडवी घालायची लोखंडी नळी होती, दंडाएवढी जाड. तिच्या एका टोकाला बाईंनी लाकडी बूच ठोकलं होतं, ते तेलानं काळं पडलेलं. रोज संध्याकाळी बायका मागच्या दारानं गेल्या की बाई स्वतः ती नळी उचलून खोबणीत बसवायच्या. मुलगा म्हणायचा, आई, मी घालतो. त्या त्याला हात लावू द्यायच्या नाहीत. म्हातारपणाची हौस, असं समजून त्यानं सोडून दिलं.

कोणी म्हणेल, असं का केलं? बाईंना विचाराल तर त्या म्हणतील, आयुष्यभर असंच केलं. कारखाना नवा होता तेव्हा यंत्रं विकणाऱ्या एका व्यापाऱ्यानं त्यांना सडकं यंत्र गळ्यात मारलं आणि चारचौघांत म्हणाला की हे यंत्र आमच्या दुकानातलंच नव्हे. बाईंनी त्याला पोटभर बोलू दिलं. शपथा घेऊ दिल्या. मग पदार्थ वाढावा तशी त्याच्याच हातची पावती टेबलावर ठेवली. त्या माणसाचा चेहरा कसा झाला, हे बाई तीस वर्षं सांगत आल्या होत्या. ऐकणाऱ्यांना तो पाठ झाला होता. समोरच्याला आधी खोटं बोलू द्यायचं, मग त्याचे दात त्याच्या घशात घालायचे. हातचं राखून ठेवायचं. बाईंची सगळी विद्या एवढीच, आणि तिनं त्यांना कधी दगा दिला नव्हता. त्यात आणखी एक बारीक काटा होता. सुनेच्या हाती कागद दिला की ती त्याच्या चार प्रती काढणार, वकिलाला देणार, यादीत नंबर घालणार. दावा जिंकला तर सगळे म्हणणार, सून हुशार म्हणून जिंकला. ते बाईंच्या पचनी पडण्यासारखं नव्हतं.

तीन महिन्यांनी कंपनीचं उत्तर आलं. सुनेनं ते जेवणाच्या टेबलावर वाचून दाखवलं. त्यात लिहिलं होतं की असा कुठलाही नकाशा, करार, चिठ्ठी कधी नव्हती. आकार कंपनीचा. बाईंचे पती हे आम्ही दिलेल्या नमुन्याची नक्कल करून देणारे एक कामगार होते.

सुनेचा आवाज त्या वाक्यावर बसला. मुलानं शिवी हासडली. आणि बाई हसल्या. इतक्या हसल्या की ठसका लागला.

"बोलला एकदाचा," त्या म्हणाल्या. "शपथेवर बोलला ना? लेखी?"

दुसऱ्या दिवशी सकाळी चहाच्या वेळी त्यांनी बूच काढून नळी टेबलावर उपडी केली. नकाशा घरंगळत आला. कडांना गंजाचे तांबूस वेढे, पण शाई ठसठशीत. मुलगा कागदाकडे आणि आईकडे आळीपाळीनं बघत राहिला. बाईंनी सगळी हकीकत सांगितली, व्यापाऱ्याच्या चेहऱ्यासकट.  सुनेनं हात पुसले, नकाशाची टोकं बोटांनी दाबून धरून तो वाचला, आणि हळूच विचारलं, "मग वाळवी, आई?" बाई म्हणाल्या की तुझ्या पोटात राहिलं नसतं. सून उठून कप विसळायला गेली. नळ बराच वेळ चालू होता.

वकीलबाईंच्या टेबलावर नकाशा ठेवताना बाईंनी हात असा मागं घेतला की जणू आता टाळ्या पडणार. वकीलबाईंनी तो वाचला. दोनदा वाचला. त्यांचा चेहरा उजळायच्या ऐवजी उतरत गेला. त्यांनी पेनाचं टोपण लावलं, काढलं, परत लावलं. मग शांतपणे समजावलं. कागद सोन्यासारखा आहे, पण आता उशीर झाला आहे. पहिल्या दिवशी जो दिला नाही, तो नंतर द्यायचा तर कोर्टाची परवानगी लागते, आणि तेव्हा का दिला नाही याचं पटणारं कारण लागतं. कागद खरोखर सापडतच नव्हता, असं असेल तर थोडी वाट आहे. पण माहीत असून जवळ ठेवला असेल तर वाट बंद. आणि तुम्ही तर शपथेवर सही केली आहे की दुसरं काही नाही.

बाईंना आधी ते कळलंच नाही. खोटं तो बोलला, तर दार माझ्यावर का बंद, असं त्यांनी विचारलं. वकीलबाई म्हणाल्या की कोर्टाला लपंडाव चालत नाही.

"कागद कुठं होता?" त्यांनी विचारलं.

बाईंनी तोंड उघडलं. पण त्याआधीच मुलगा बोलला. गडी जन्मात कधी एवढ्या चपळाईनं बोलला नव्हता. म्हणाला, ऑफिसला रंग दिला होता, तेव्हा फायली हलवल्या, हिनं कुठंतरी भलतीकडे ठेवला, काल सापडला. असं म्हणून त्यानं बायकोकडे बघायचं टाळलं. वकीलबाई काही दुधखुळ्या नव्हत्या. त्यांनी तिघांकडे पाहिलं आणि सुनेला विचारलं, असंच झालं का? जे सांगाल ते तुमच्या नावानं शपथेवर जाईल, विचार करून सांगा.

सून म्हणाली, "आईंना विचारा."

खोलीत पंखा घरघरत होता. बाईंना आपल्या शेजारी बसलेल्या सुनेचे हात दिसत होते. नखांपाशी पुठ्ठ्यानं कापल्याच्या पुसट रेघा अजून होत्या, पाकिटं शिवताना झालेल्या. एक वाक्य बोलायचं होतं. कागद मी ठेवला होता. चार शब्द. ते बोललं की बगळा गेला, दहा बायका गेल्या, आणि आयुष्यभर ज्या विद्येचा तोरा मिरवला तीही गेली. बाई टेबलाच्या कडेकडे बघत म्हणाल्या, "कागदपत्रं तीच बघते."

त्यात एक अक्षर खोटं नव्हतं. बाईंनी स्वतःची समजूत घातली ती अशी.

सुनेनं मान हलवली. प्रतिज्ञापत्र झालं. त्यात लिहिलं गेलं की माझ्या निष्काळजीपणामुळे कागद गहाळ झाला होता, सासूबाईंना त्याची कल्पना नव्हती. सुनेची सही झरकन झाली, एका ओळीत. बाईंना आठवलं की लग्न होऊन आली तेव्हा याच झरझर सहीवरून आपण तिला टोमणा मारला होता.

त्या दिवसापासून घरात कोणी कोणाशी भांडलं नाही. सून वेळेवर ताट वाढायची, विचारलेल्याला उत्तर द्यायची. कारखान्यात बातमी पसरलीच. यंत्रावरची सगळ्यात जुनी बाई, जिला सगळे तोफ म्हणायचे, ती सुनेला ऐकू जाईल असं बोलली की शिकलेल्यांच्या हाती कागद दिला की असंच होतं, आमच्या बाईंच्या हाती असता तर मुंगीला सापडला नसता. सुनेनं ऐकलं. बाईंनीही ऐकलं. तोफेला दरडावून गप्प करणं बाईंच्या हातचा मळ होता. त्या केसांचं पोतं बघायला मागं निघून गेल्या.

कोर्टाची खोली बाईंना वाटली होती त्यापेक्षा लहान निघाली. बाकांना नवीन पॉलिश होतं, कपड्यांना चिकटत होतं. न्यायाधीश मध्यम वयाचे, सर्दी झालेले. समोर कंपनीचे वकील आणि त्यांच्या मागं धाकटा मालक, हातातल्या मोबाइलवर बोट फिरवत. आपल्या वकीलबाईंनी अर्ज मांडला, प्रामाणिक चूक झाली, कागद महत्त्वाचा आहे, वगैरे. न्यायाधीशांनी ऐकून घेतलं. बाईंना वाटलं, जमतंय.

मग कंपनीचे वकील उठले. आवाज लोण्यासारखा. त्यांनी विनंती केली की मूळ कागद बघू द्यावा. कारकुनानं तो पाकिटातून काढून टेबलावर ठेवला, आणि ठेवल्याबरोबर नकाशा आपला आपण वळून गोल झाला. वकिलांनी तो दोन बोटांनी उलगडला, सोडला. परत गोल. म्हणाले, फायलीत वर्षानुवर्षं पडलेला कागद असा वळतो का? आणि हे गंजाचे वेढे? पुठ्ठ्याच्या पाकिटाला गंज चढतो का? त्यांनी सुनेला विचारायची परवानगी मागितली. सून उभी राहिली. कुठल्या फायलीत होता? जुन्या, ती म्हणाली. कुठल्या कपाटात? मागच्या. रंग कधी दिला होता? तिनं महिना सांगितला. तो रंगाच्या पावतीवरच्या महिन्याशी जुळत नव्हता, आणि ती पावती आपणच यादीत लावलेली होती, तिच्याच सुरेख अक्षरातल्या नंबरानं. तिच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या. तरी तिनं बाईंचं नाव घेतलं नाही. खाली मान घालून उभी राहिली.

एवढ्यावरही बाई बसून राहिल्या असत्या. पुढे कित्येक महिने त्यांनी स्वतःशी कबूल केलं की बसून राहिल्या असत्या. त्या उठल्या त्या सुनेसाठी नाही. कंपनीचे वकील पुढे म्हणाले की आमच्या मते हा कागद गेल्या दोन-तीन महिन्यांत बनवलेला आहे. गंजाच्या पाण्यात बुडवून जुना केलेला. कारखान्याचे मृत मालक नक्कल करण्यात वाकबगार होतेच, तीच विद्या घरात उतरलेली दिसते.

बाई ताडकन उभ्या राहिल्या. गुडघा कट्कन वाजला.

"बनवलेला नाही," त्या म्हणाल्या. "बावीस वर्षं माझ्याजवळ आहे. दाराच्या अडसरात, नळीत घालून मीच ठेवला होता. गंज त्या नळीचा आहे. चला, दाखवते."

वकीलबाईंनी डोळे मिटून घेतले.

न्यायाधीशांनी नाक पुसलं, चष्मा नीट केला आणि अगदी सभ्यपणे विचारलं की मग दावा घालताना का दिला नाही? बाईंनी सांगून टाकलं. यानं आधी खोटं बोलावं म्हणून. त्याचं खोटं लेखी यावं आणि मग कागद समोर ठेवावा म्हणून. सांगताना त्यांचा आवाज नेहमीसारखा खणखणीत होता आणि क्षणभर त्यांना वाटलं की समोरच्याचा चेहरा आता पडेल, त्या व्यापाऱ्याचा पडला होता तसा. धाकट्या मालकानं मोबाइलवरून मान वर केली. तो हसत होता.

"म्हणजे तुमच्या सुनेनं शपथेवर जे लिहून दिलं, ते खोटं," न्यायाधीश म्हणाले.

बाईंनी सुनेकडे पाहिलं. ती अजून उभीच होती, कारण बस असं तिला कोणी सांगितलं नव्हतं. कोर्टात खरं बोललं की सुटका होते, असं बाई समजत होत्या. आपण खरं बोललो आणि ती खोटी ठरली, हे त्यांच्या डोक्यात शिरायला तेवढा वेळ लागला.

निकाल महिनाभरानं आला. उशिरा दिलेला कागद घ्यायला नकार. ठाऊक असून, जवळ असून, डाव म्हणून लपवलेला कागद विसरलेला मानता येत नाही. कागदाशिवाय दाव्यात दम नव्हता. पुढच्या दोन तारखांत तोही गेला आणि कंपनीनं उलट मागितली होती तशी बगळा बनवायला कारखान्याला मनाई झाली. खोट्या प्रतिज्ञापत्राबद्दल सुनेला वेगळी नोटीस आली. तिनं लेखी माफी मागितली, ताकीद देऊन सोडलं. वकीलबाईंनी बाईंना जिन्यात गाठून एवढंच सांगितलं की मला त्या दिवशी खरं सांगितलं असतंत तर दावा कदाचित गेलाच असता, पण ही मुलगी वाचली असती.

संध्याकाळी बाईंनी सुनेला निकाल वाचून दाखवायला सांगितलं. तिनं पहिल्या ओळीपासून वाचला, एकही ओळ न गाळता. जिथं तिच्याबद्दल लिहिलं होतं की या बाईंनी शपथेवर खोटी माहिती दिली, तिथंही तिचा आवाज तेवढाच राहिला. वाचून झाल्यावर तिनं पानं नीट जुळवली.

बाईंनी विचारलं की त्यात माझ्याबद्दल काय आहे? सून म्हणाली, "तुम्ही खरं बोललात, असं आहे."

दहा बायकांना त्या शनिवारी निरोप दिला. तोफही त्यांतच होती. निघताना तिनं सुनेकडे बघितलं, चप्पल घातली आणि निघून गेली. बगळ्याचे साचे कंपनीचा माणूस येऊन मोजून घेऊन गेला. हा तोच माणूस, पण या वेळी कोपऱ्यातली छत्री आठवणीनं घेतली. चार यंत्रांवर फडकी टाकली. उरलेल्या दोन्हींवर बाटल्यांचे सरळ ब्रश चालू राहिले, जे शंभर ठिकाणी होतात.

सुनेनं ऑफिसची किल्ली बाईंपुढे ठेवली. कागदपत्रं इथून पुढं मी बघणार नाही, असं तिनं नवऱ्याच्या देखत सांगितलं. शहराच्या दुसऱ्या टोकाला एका छापखान्यात तिला काम मिळालं होतं. मुलगा आईकडे बघत राहिला, आईनं नेहमीसारखं काहीतरी ठणकावून सांगावं म्हणून. बाईंनी किल्ली कमरेला खोचली.

कारखाना बंद करायची वेळ झाली. बाईंनी अडसर उचलला. कंपनीच्या वकिलांचा माणूस फोटो काढायला आला होता तेव्हा त्यानं बूच काढलेलं, ते परत सापडलं नव्हतं. नळीच्या उघड्या तोंडातून थोडा गंज त्यांच्या मनगटावर सांडला. सून मागच्या दारापाशी आपली पिशवी आवरत होती. बाईंना माफी मागता येत नव्हती. ती कशी मागतात, हे त्यांना कोणी शिकवलं नव्हतं आणि त्यांनीही कधी शिकायची गरज ठेवली नव्हती. त्यांनी दुसरंच काहीतरी पुढं केलं. आजवर मुलालाही न दिलेलं. नळी दोन्ही हातांवर धरून त्या म्हणाल्या, "छापखान्यातून लवकर येत जाशील, तर उद्यापासून दार तू लाव."

सुनेनं पिशवीचा बंद ओढला.

"नको, आई. उद्या काही झालं, तर दार मीच उघडं टाकलं असं व्हायचं."

ती रागानं बोलली नव्हती. हिशोब सांगावा इतक्या साध्या आवाजात बोलली आणि मागच्या दारानं बाहेर पडली.

बाई नळी धरून उभ्या राहिल्या.   सुनेची पावलं खडीवरून लांब जाईपर्यंत थांबल्या. मग नळी खोबणीत बसवली, आणि ती नीट बसली आहे ना, हे दोनदा हलवून बघितलं.